नवव्या डावाची नोंद

मित्रांनो, आधीच सांगून टाकते, मी रद्दी नाही. मी स्नूकर क्लबची गुणवही आहे. वयाने जुनी, कोपऱ्यांनी कुरतडलेली, पण माझ्यात जे लिहिले आहे ते खरे आहे.

एका बाइंडरने जाड पुठ्ठा आणि हिरवे कापड लावून मला बांधले. क्लबच्या पंचांनी मला विकत घेतले. पंच मोठे काटेकोर. चेंडू जाळीत पडला की आधी माझ्यात आकडा, मग तोंडाने घोषणा. कोणी कुरकुर केली तर ते एवढेच म्हणत, "वहीत बघा." मग सगळे गप्प. त्या दिवसांत माझा काय रुबाब होता!

क्लबमध्ये तेव्हा दोघांचा दबदबा होता, शिंपी आणि तारमास्तर. दोघे जिवलग मित्र. तारमास्तरांचे शर्ट शिंप्याकडेच शिवले जात. "मास्तर, काखेत सैल ठेवलाय हं," शिंपी म्हणायचा, "नाहीतर हरल्यावर माझ्या शिवणीला नावं ठेवाल."

एका वर्षी अजिंक्यपदाचा अंतिम सामना या दोघांतच लागला. एकूण नऊ डाव, पाच जिंकेल तो विजेता. संध्याकाळपर्यंत तारमास्तर चार-तीन असे पुढे होते. भिंतीवरच्या फलकावर विजेत्याचे नाव रंगवायला पेंटर येऊन बसला होता, आणि त्याला दुसऱ्या दिवशी परगावी जायचे होते. चिटणीसांना भारी घाई. "मास्तरच जिंकतायत, घाला नाव!" त्यांनी सांगून टाकले. पेंटरने घातले. तेवढ्यात शिंप्याने आठवा डाव जिंकला. चार-चार! आणि दिवे गेले. वार्ताहर शेवटची बस पकडायला पळाला आणि वर्तमानपत्रात छापून आले, 'सामना बरोबरीत सुटला.'

नववा डाव दुसऱ्या दिवशी सकाळी झाला. पंच, दोन खेळाडू आणि झाडूवाला, एवढीच माणसे हजर. शेवटच्या काळ्या चेंडूवर शिंपी जिंकला. माझे ते पान आठ डावांतच भरले होते, म्हणून पंचांनी नववा डाव मागच्या पानावर लिहिला. शिंपी दुकान उघडायला निघून गेल्यावर तारमास्तरांनी त्याखाली स्वतःच्या हाताने लिहिले, 'नववा डाव मी हरलो. फलकावरचे नाव बदलावे.' आणि सही ठोकली. त्यांची बदली झाली होती. चार दिवसांत ते गाव सोडून गेले.

"पेंटर परत आला की बदलू," असे म्हणत चिटणीसांनी मला कपाटात टाकले. पेंटर काही आला नाही. वर्षाने चिटणीस बदलले, पुढे पंच वारले. शिंपी फलकाबद्दल भांडायला आला, "वहीत बघा" म्हणाला, तर नवे चिटणीस म्हणाले, "वही कुठंय? पुरावा आणा." पुरावा त्यांच्या पाठीमागच्या कपाटात होता! त्यांनी मान वळवायचे कष्टही घेतले नाहीत. शिंपी तरातरा निघून गेला, तो पुन्हा क्लबची पायरी चढला नाही.

माझे पुढे काय झाले? चहाचे कपाट डगमगत होते. कोणाच्या तरी सुपीक डोक्यातून कल्पना निघाली आणि मला त्याच्या पायाखाली सरकवण्यात आले. चहा सांडायचा, मी प्यायचे. पाने एकमेकांना चिकटली. अशी बेचाळीस वर्षे काढली, मित्रांनो.

मग क्लबने जुन्या विजेत्यांची छायाचित्रे लावायचे ठरवले. तारमास्तर आदल्याच वर्षी वारले होते, म्हणून पत्र त्यांच्या मुलीला गेले. ती शाळेत गणित शिकवायची. ती छायाचित्र घेऊन आली आणि म्हणाली, "पण बाबा तर नेहमी सांगायचे, तो सामना मी हरलो म्हणून."

"अहो, मोठी माणसं नम्र असतात," अध्यक्ष म्हणाले. "फलकावर त्यांचंच नाव आहे."

"पेपरात बरोबरी छापलीय," चिटणीस म्हणाले. "तेव्हा आपण असं करू, संयुक्त विजेते."

"म्हणजे एक खोटं आणि दुसरं खोटं, यांच्या मधलं?" गणिताच्या बाई म्हणाल्या. "गुणवही असेल ना कुठेतरी?"

चहावाला म्हणाला, "एक वही आहे बघा, कपाटाखाली." मला ओढून काढले. दोन कप फुटले, त्याचेही खापर माझ्यावरच! अध्यक्षांनी पान काढले, चार-चार वाचले आणि मला फाटकन मिटले. "बघा, बरोबरीच." मी कपाळ बडवून घेतले असते, पण मला कपाळ नाही.

बाईंनी मला पुन्हा उघडले. "सामना संपला असेल तर पंचांची सही कुठे आहे?" त्यांनी फूटपट्टी काढली आणि चिकटलेली पाने हलक्या हाताने सोडवली. मागचे पान त्यांनी एकदा वाचले, दोनदा वाचले. मग सहीवर बोट ठेवून म्हणाल्या, "हे बाबांचं अक्षर आहे."

त्या मला घेऊन थेट शिंप्याच्या दुकानात गेल्या. मशीनवर आता त्याचा मुलगा बसत होता. म्हातारा शिंपी दाराशी खुर्ची टाकून होता. बाईंनी आपण कोण, कुठल्या ते सांगितले, तशी त्याने मान फिरवली. त्यांनी मला त्याच्या मांडीवर ठेवले आणि ओळ वाचून दाखवली.

त्याने बोटाने ती सही चाचपली. मग म्हणाला, "मला वाटलं, मास्तरांनी गप्प बसून पद लाटलं. त्यांची पत्रं यायची गं. मी एकही फोडलं नाही. सगळी परत पाठवली."

"ती सगळी घरी आहेत, काका. बाबांना कळायचंच नाही, तुमचं काय बिनसलं ते."

"एक पान!" म्हातारा एकदम ओरडला, आतले मशीन थांबले. "अरे, एक पान बघायला काय धाड भरली होती या लोकांना!" आणि तो माझ्यावर हात ठेवून रडला.

पुढच्या रविवारी बाई पत्रे घेऊन आल्या. शिंप्याला बारीक अक्षर दिसत नव्हते, म्हणून त्यांनीच एकेक वाचून दाखवले. मी तिथेच होते, कारण क्लबला माझी आठवण अजून झाली नव्हती.

आता झाली आहे. मला काचेच्या कपाटात ठेवले आहे, वर कुलूप लावले आहे आणि किल्ली कुणाकडे आहे ते कुणालाच ठाऊक नाही! मित्रांनो, जुन्या नोंदी जपा, पण अशा जपू नका. त्या उघडा, वाचा, आणि माणसे हयात असतानाच वाचा. फलकावरचे नाव बदलायला पेंटरला फक्त अर्धा तास लागला.