खाड्यातली लेक

भिंतीच्या पलीकडे माझं तान्हं गं निजलं,
माझ्या गळ्याचं पांघरूण भिंतीवरून धाडलं.

आईचा आवाज लेकीला आठवायचा तो असा, भिंत ओलांडून आलेला. सरकारी दवाखान्याच्या धुलाईघरामागे पहारेकऱ्याची खोली होती. तिथे खोक्यात लेकीला निजवून आई कामाला जायची आणि धुण्याच्या ड्रमच्या घरघरीवर आवाज चढवून गायची. आई इथेच आहे एवढं लेकराला कळावं, म्हणून. लेक रांगायला लागली, चालायला लागली, तरी गाणं भिंतीवरूनच येत राहिलं. कुशीची ऊब तिला काही केल्या आठवत नसे. आवाजाची तेवढी अंगावर राहिली होती.

आता ती स्वतःच त्या धुलाईघरात रोजंदारीवर होती, आणि बाया तिला लाडानं ‘खाडा’ म्हणायच्या. त्याचीही गोष्टच होती. दर काही महिन्यांनी कचेरी रोजंदारीच्या बायांना ‘ब्रेक’ द्यायची. थोडे दिवस घरी बसवायचं आणि मग नव्यानं कामावर घ्यायचं, म्हणजे नोकरी सलग झाली असं कुणी म्हणायला नको. लेकीच्या वेळी आईनं एप्रन ढगळ शिवून घेतला, पोट लपवलं, आणि नशिबानं ब्रेकमध्येच बाळंत झाली. ब्रेक संपला तशी ओली बाळंतीण ड्रमपुढे हजर. एक दिवस तेवढा उशीर झाला.

“तुझ्या आईच्या उभ्या जन्मातला एकुलता एक खाडा तो,” थोरली मावशी सांगायची. “त्याला दोन वेण्या आल्या, जीभ फुटली, आणि तो आता माझ्याच डोक्यावर मिऱ्या वाटतोय!”

मावशी म्हणजे आईची जुनी जोडीदारीण. आईचे गुडघे गेले, ती घरी बसली, पण मावशी अजून चादरी झटकत होती. चादरीची घडी दोघींनी घालायची. दोन टोकं हिच्या हातात, दोन तिच्या. लांब जायचं, ताणायचं, जवळ यायचं, टोकाला टोक भिडवायचं. ड्रमच्या आवाजात लांबून काही ऐकू येत नसे. त्यामुळे धुलाईघरातलं प्रत्येक गुपित टोकं भिडेपर्यंत थांबायचं.

“खाडे,” टोकं भिडली तशी मावशी म्हणाली, “हल्ली चादर पोटाशी धरून उभी राहतेस.”

दोघी लांब गेल्या. चादर ताणली. परत जवळ आल्या.

“सवय लागली, मावशी.”

“मला शिकवतेस? तुझी आई याच चादरीआड लपायची. पलीकडे मीच असायचे.”

पुढची चादर प्रसूती कक्षातली होती. लहान, मऊ, दुधाच्या वासाची. धुऊनही वास गेला नव्हता. लेकीनं ती नाकाशी धरली आणि तिचे डोळे भरून आले.

“मुकादमाला कळलं तर ब्रेक देईल. मग परत कोण बोलावतंय? नवरा महिनाभर ट्रकवर, घरात आई.”

“गेटवर संघटनेच्या ताई आल्या होत्या. रोजंदारीवालीलाही बाळंतपणाची पगारी रजा आहे म्हणाल्या. पोटुशी आहे म्हणून काढताही येत नाही. आपण कळवायचं मात्र.”

“कोण कळवणार?”

“मी कळवू? या वयात?” मावशी इतकी हसली, की चादरीचं टोक सुटलं.

घरी आल्यावर लेकीनं आईच्या गुडघ्यांना तेल लावायला घेतलं. आई स्वतःशीच काहीतरी गुणगुणत होती, म्हणजे तिच्या मते गुणगुणत होती. शेजारीण पलीकडून ओरडली, “भोंगा झाला वाटतं! चहा टाकू का?”

“टाक, माझाही टाक!” आई तितक्याच मोठ्यानं ओरडली.

लेक हसली. मग हळूच म्हणाली, “आई, तू रजा मागितली का नाहीस गं?”

“ती कायमवाल्या बायांची. आपली कुठली?”

“असं कुणी सांगितलं?”

“कुणीच नाही,” आई म्हणाली. “आम्ही तसं धरूनच चाललो. कुणी नाही म्हटलं नव्हतं, बाळा. आम्ही विचारलंच नाही.”

तेलाचा हात थांबला. आईनं तो आपल्या हातात घेतला.

“हळू गाता येत नाही मला. सगळं आयुष्य त्या ड्रमशी भांडण्यात गेलं. तुला कुशीत घेऊन कानाशी गुणगुणावं, असं फार वाटायचं.”

तिनं आताही प्रयत्न करून पाहिला. ‘माझ्या गळ्याचं पांघरूण’ एवढंच म्हटलं. सूर कुठेच नव्हता, नुसता श्वास आला. मग आईचा खरखरीत तळवा लेकीच्या पोटावर येऊन टेकला, जणू हे गुपित तिच्यापासून कधी लपलंच नव्हतं.

सकाळी धुलाईघरात वाफ दाटली होती. मुकादम दारात उभा राहून टाळ्या वाजवत ओरडला, “ऐका गं बायांनो! उद्यापासून ब्रेक. माझ्याकडे बघू नका, वरून आलंय. बोलावू तेव्हा यायचं.”

बोलावतील तोवर पोट कुठल्याच एप्रनखाली मावणार नव्हतं. हे लेकीला कळत होतं, चादरीच्या पलीकडे उभ्या मावशीलाही कळत होतं. घडी अर्धवट होती. लेकीनं आपली टोकं सोडून दिली. चादर जमिनीवर ओघळली आणि पोट उघड्यावर आलं.

“मुकादम,” ती म्हणाली.

“काय? मोठ्यानं बोल, ऐकू येत नाही!”

ड्रम घुमत होता. तिनं श्वास भरून घेतला. गळ्यातून निघाला तो आवाज तिच्या ओळखीचा होता, भिंतीवरून येणारा, यंत्राला न जुमानणारा. इस्त्रीवाल्या बायांनीही माना वळवल्या.

“मला दिवस गेलेत! ब्रेक नको मला, बाळंतपणाची रजा पाहिजे! माझं लेकरू भिंतीपलीकडे नाही ठेवणार मी, कुशीत घेऊन बसणार आहे!”