लिरोकमावशी पाठ फिरवून जेवली

“टाक तो समुद्रात! केजो, टाक म्हणतो ना!”

लांगमोसमामा घराच्या छपराचे पत्रे उचकटत होता. केजोनं खेकडा आणखी घट्ट धरला. नांग्या झावळीनं बांधल्या होत्या, तरी धडपड चालूच.

“नाही टाकणार. मावशीनं मागितलाय. पलीकडच्या तिच्या बेटावरचा आहे.”

“अरे, विष आहे त्यात! डॉक्टर दरसाल घसा फोडून सांगतात.”

“तेच ना, रक्ताच्या बाटल्या भरून नेणारे? एकाला तरी बरं केलंय का त्यांनी?”

“शाळा सोडल्यापासून जीभ तेवढी वाढलीय तुझी.”

“भांडा, भांडा,” माडाखाली निखारे फुंकत लिरोकमावशी म्हणाली. “जहाज काय, तुमच्यासाठी थांबेलच.”

बाहेर शांत पाण्यात जहाज उभं होतं. रोंगेलाप बेटावरचं सगळं गाव आज घरांच्या फळ्या-पत्र्यांसकट निघणार होतं. पुन्हा इथे कुणी पाय ठेवेल, असं कुणालाच वाटत नव्हतं. अमेरिकेनं चाचणीसाठी फोडलेल्या बॉम्बची पांढरी, विषारी भुकटी आभाळातून पडली, तेव्हा मावशी एवढीशी होती. खेळ म्हणून केसांना चोळली होती तिनं. आता गळ्यावर गाठ कापल्याचा वण. जाण्याआधी आपल्या मातीतलं एकदा खायचं, एवढंच तिनं मागितलं होतं.

नारळावर पोसलेला खेकडा भाजायला लागला, तसा खोबऱ्याचा वास सुटला. जाणारे-येणारे रेंगाळले. इथे चुलीवर काही असलं की दिसेल त्याला ‘ये, जेव’ म्हणायचंच. मावशीनं कुणालाच हाक मारली नाही. सरळ पाठ फिरवली आणि एकटीच खायला बसली.

केजोचं डोकं सटकलं. या खेकड्यासाठी पहाटेपासून होडी वल्हवून त्याचे हात सोलले होते.

“मावशी, लाज वाटत नाही? मला पण नाही?”

त्यानं हात घातला. फाटकन चापट बसली.

“माझ्यात ते विष भरलंय आधीच,” ती वळलीसुद्धा नाही. “आणखी गेलं तर काय फरक पडतो? तुझ्यात कशाला, बाळा?”

मामाची पहार थांबली.

मावशीनं नांग्या चोखून चोखून खाल्ल्या. मग कवचं खोल पुरली, एखादं पोर चोखायला नको म्हणून. खेकड्याचा एक पाय मात्र वाळूत घरंगळला. केजोनं तो हळूच उचलला. इथे जमीन आईकडून येते, म्हणजे मावशीचं बेट त्याचंही होतंच की.

“मूठ उघड,” मावशी म्हणाली.

जहाजाचा भोंगा वाजला.

“केजो, मूठ उघड म्हणते ना!”

“भोंगा झाला, मावशी. आपल्याला आता निघायला हवं.”