शिडीवरचा शिक्का

मित्रांनो, मी एक जुनी शिडी आहे. लाकडी, अकरा पायऱ्यांची. एके काळी माझं चित्र मतपत्रिकेवर छापलं जायचं, हे सांगूनही आता कुणाला खरं वाटत नाही.

सुताराने मला बनवलं ते दुकानांच्या पाट्या रंगवणाऱ्या एका तरुणासाठी. लोक त्याला पेंटरदादा म्हणत. पाटी रंगवून झाली की तो मला खांद्यावर टाकून गल्लीबोळांत शिरे. कुणाचं गळकं छप्पर नीट कर, कुणाचा दिवा बदल, अशा नसत्या उठाठेवी त्याला फार. त्याची बायको कपाळाला हात लावी. मला मात्र त्याचा अभिमान वाटे.

पुढे लोकांनीच त्याला निवडणुकीला उभं केलं. त्याने चार मित्रांना घेऊन एक चिमुकला पक्ष काढला आणि चिन्ह घेतलं माझं. दारोदार तो मला भिंतीला टेकवी आणि निरक्षर म्हाताऱ्यांचं बोट धरून माझ्यावरून फिरवी. "वाचता नाही आलं तरी चालेल, मावशी. मतपत्रिकेवर ही दिसली की शिक्का मारायचा." दोनदा तो प्रांताच्या सभागृहात निवडून गेला. मिरवणुकीत मलाही हार पडले, खोटं कशाला सांगू.

मग पेंटरदादाचे साहेब झाले. एका मोठ्या पक्षाने मंत्रिपदाचं गाजर दाखवलं आणि आमचा पक्ष त्यात विरून गेला. साहेबांचं चिन्ह आता छत्री. माझी रवानगी कार्यालयाच्या मागच्या खोलीत झाली. मला फार वाईट वाटलं.

निवडणूक तोंडावर आली तेव्हा बायको म्हणाली, "अहो, चिन्ह बदललंय, त्या म्हाताऱ्यांना एकदा सांगून तरी या."

"चौकाचौकात फलक लावलेत की," साहेब म्हणाले. "वाचतील."

जन्मभर पाट्या रंगवलेला माणूस तो. अक्षरावर त्याचा फार भरवसा.

मोकळं झालेलं माझं चिन्ह कुण्या अनोळखी अपक्षाने मागून घेतलं. तो प्रचाराला एकदाही फिरकला नाही, तरी त्याला तीन हजार मतं पडली, बहुतेक आमच्याच गल्ल्यांतली. साहेब बाराशे मतांनी पडले.

दुसऱ्या दिवशी कार्यालयात चिटपाखरू नव्हतं. दारातून एक म्हातारी काठी टेकत आत आली.

"दादा, डोळ्यांनी नीट दिसत नाही रे आता. पण शिडी बरोबर शोधली आणि तिच्यावरच शिक्का मारला. आलास ना निवडून?"

साहेब उठून उभे राहिले.

"आलो, मावशी."

"मग पाणी पाज. लांबून चालत आलेय."

त्यांनी स्वतः पाणी आणून दिलं. ती गेल्यावर ते मागच्या खोलीत आले आणि जमिनीवर बसून रडले.

मित्रांनो, माझ्यासारख्या लाकडाला वाळवी लागली तरी हरकत नाही. पण ज्यांनी तुमच्या शब्दावर डोळे मिटून विश्वास ठेवला, त्यांच्या दारी वेळेवर जात जा. ती मावशी अजून आनंदात आहे, आणि तिला खरं सांगायला कुणाचाही पाय उचलत नाही.