दारातले बूट

दार लोटताच मिझुए थबकली. चपला काढायच्या जागेत होडीएवढे पुरुषी बूट होते. टाचा घराकडे, चवडे रस्त्याकडे. शेजारी सासूबाईंची चप्पल. तीही एकच.

नवरा गेल्यापासून घरात त्या दोघीच. सासूबाईंना आता सून, काळवेळ काही आठवत नव्हतं आणि पुढच्याच वळणावर रेल्वेचं फाटक होतं, म्हणून कुलूप लावल्याशिवाय मिझुए कधी बाहेर पडत नसे. आज टोफू आणायला निघाली, तर शेजारच्या ओकुमुराबाई संत्री घेऊन दारात हजर. हिने वाकून आभार मानले, त्या वाकल्या, मग ही आणखी वाकली. त्या वाकावाकीत कुलूप राहिलं. जळली मेली ती सभ्यता!

बँकेचे लोक म्हणून भामटे घरात शिरतात आणि म्हाताऱ्यांना लुबाडतात, असं नगरपालिकेचा भोंगा रोज बजावत असे. आता कुणीतरी शिरलंच होतं, आणि बूटसुद्धा पळायच्या तयारीत! ओरडावं तर आळीला त्रास होईल, असं तिच्या मनात आलं आणि तिला स्वतःचाच संताप आला. कोपऱ्यातली छत्री उचलून ती आत गेली.

आत एक धिप्पाड, दाढीवाला परदेशी गुडघे मुडपून कळा सोसत बसला होता. गळ्यात कॅमेरा. म्हणजे फाटकाचे फोटो काढायला येणाऱ्यांपैकीच. कुठल्याशा कार्टूनमध्ये ते फाटक दाखवलं आणि तेव्हापासून जगभरची माणसं इथे लोटत होती. मिझुए त्यांच्या नावाने रोज बोटं मोडायची. सासूबाई मात्र त्याला चहा ओतत होत्या.

"या ताई, बसा. सून बाहेर गेलीय आमची," त्या म्हणाल्या. "पाहुण्याला निघताना घालायला सोपे जावेत म्हणून बूट मीच फिरवून ठेवले. पण याला काही वळण नाही हो! भर रस्त्यात 'ए म्हातारे, थांब!' म्हणून ओरडला. बाही धरून खेचलं मला!"

तो कानापर्यंत लाल झाला. "माफ कर. मी भाषा कार्टूनमधून शिकलो. तिथे असंच बोलतात. हिच्या गळ्यातल्या चकतीवर पत्ता होता, म्हणून घरी आणलं."

"कुठे खेचलं, आई?" मिझुएने विचारलं.

"ती घंटा वाजत होती ना, तिथे. नुसता धडधडाट!"

त्याने पिशवीतून रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढलं आणि खाली वाकून, दोन्ही हातांनी मिझुएपुढे धरलं. सासूबाईंची दुसरी चप्पल. टाच चाकाखाली कापून गेली होती.

छत्री गळून पडली. मिझुएने सासूबाईंचे दोन्ही पाय हातांनी चाचपले, पुन्हा चाचपले. पाय गरम होते.

"सोडा हो ताई, गुदगुल्या होतात," म्हणत सासूबाई उठल्या. ती तुटकी चप्पल त्यांनी दाराशी नेली आणि पहिलीच्या शेजारी नीट लावून ठेवली, चवडे रस्त्याकडे.