जिवलीच्या भिंतीवरचा फोटो

इतिहास जपणारं गाव म्हणून सबंध शहापूर तालुक्यात आमच्या गावाइतकं दुसरं गाव नाही. ग्रामपंचायतीच्या दहाव्या वाढदिवसाला मिरवणूक निघाली, तिचं सत्तावन्न सालचं मुकं चित्रण आम्ही चाळीस वर्षं सांभाळलं. रिळाचा डबा पंचायतीच्या कपाटाच्या पायाखाली होता. कपाट डुलायचं.

सत्त्याण्णवात पन्नाशीचा सोहळा ठरला, रंगासाठी कपाट हलवलं आणि डबा हाती लागला. सरपंच वाल्मिकरावांनी शहापूरहून संदेश फोटोवाल्याला बोलावलं. त्याने कुठलासा जुना प्रोजेक्टर पैदा केला आणि शाळेच्या भिंतीवर चादर ताणली.

पाड्यावरून जिवली आली ती थेट पुढे जाऊन बसली. तिचा नवरा गोमा त्या मिरवणुकीत नाचला होता. पुढे दोन वर्षांत तो वारला. त्याचा एकही फोटो नव्हता.

"तोंडच आठवत नाय रे आता," ती संदेशला म्हणाली. "दिसला का मला फोटो काढून दे."

चित्रण सुरू झालं. आवाज नव्हता, ती उणीव वाल्मिकरावांनी भरून काढली. बैलगाड्या गेल्या, झेंडेवाली पोरं गेली. मग भोपळ्याचा तारपा फुंकणारा आला, त्याच्यामागे कोट-टोपीतला एक तरणा साहेब, आणि तारप्याच्या पुढे नाचणारे. नाचताना तारप्याला पाठ दाखवत नाहीत. त्यामुळे नाचणारे तारप्याकडे तोंड करून उलट्या पावलांनी येत होते. कॅमेरा पुढे होता. पडद्यावर पाठीच पाठी.

"ए गोमा, जरा वळ की," मागून कोंडू म्हणाला. लोक हसले.

"नाय वळायचा," जिवली म्हणाली. "तुझ्यावानी हाय काय तो?"

संदेशने रीळ पुन्हा लावलं. या खेपेला जिवली उठली आणि चादरीवरच्या एका पाठीवर तिने बोट ठेवलं.

"यो. डावा खांदा पडलाय ना, यो आमचा."

"आजी, तोंड नाय ना दिसत."

"पाठ तर हाय. काढ तू."

संदेशने चादरीवरच्या चित्राचाच फोटो काढला आणि चौकट करून आणून दिला. मधोमध गोमाची काळी पाठ, आणि त्याच्या पडक्या खांद्यावरून थेट आपल्याकडे बघणारा साहेब. मिशीसकट स्वच्छ आलेला.

जिवलीने चौकट भिंतीवर टांगली. दर पितरपाटाला ती झेंडूचा हार घालते, पुढे भाताचं पान ठेवते. साहेबाचं तोंड बरोबर हाराच्या मध्यात येतं.

साहेब हयात आहेत. ठाण्याला असतात.