केळी आली त्या दिवशीचा फोटो

रोस्विटाने चार महिने सूतगिरणीत उभं राहून चारशे फोटो काढले. तिची आई अशाच एका गिरणीत तीस वर्षं तुटलेले धागे जोडत झिजली आणि घरात तिचा कामावरचा एकही फोटो नव्हता. इथे राबणाऱ्या या बारा जणी तरी भिंतीवर लागाव्यात, एवढाच तिचा हट्ट होता. पण कामगार दिनाच्या प्रदर्शनाची निवड पक्षसचिव कॉम्रेड लोरेन्झच्या हातात होती आणि या गृहस्थाने जन्मात कधी सूत कातायच्या साच्याला हात लावला नव्हता.

"ही जांभई का देतेय?"

"पहाटे साडेतीनला उठते, कॉम्रेड."

"आपल्याकडे कामगार जांभया देत नाहीत. आणि ही? चक्क बूट काढून बसलीय!"

"पाय सुजलेत तिचे."

"मग पाय कशाला दाखवता?"

असा सगळा ढीग बाद झाला. शेवटच्या फोटोवर मात्र स्वारी खूश झाली. दिवे लखलखीत, साचे जोरात आणि माणूस औषधालाही नाही.

"वा! यंत्रं आपापली चालतायत! हाच उद्याचा कारखाना. मोठा करून लावा."

रोस्विटाला खरी गोष्ट ठाऊक होती. तो फोटो काढला त्या दिवशी नाक्यावरच्या दुकानात केळी आली होती, आणि या देशात केळी वर्षातून एखाद्या वेळीच दिसत. खबर लागताच बारा जणी साचे चालू ठेवून, पिशव्या उचलून पसार झाल्या होत्या. खरं सांगितलं तर सगळ्यांचा बोनस बुडणार. तिने फोटो मोठा करायला घेतला आणि तिला स्वतःची लाज वाटली.

प्रदर्शनाच्या दिवशी बॅंड वाजला, भाषण झालं. बारा जणी नटूनथटून स्वतःला शोधत भिंतीभर फिरल्या.

"काय गं पोरी," त्यांची मुकादम गुड्रुन म्हणाली, "चार महिने नाकासमोर खटखट करत होतीस. आम्ही कुठे आहोत?"

"केळ्यांच्या रांगेत," रोस्विटा कशीबशी म्हणाली.

बायका अशा खिदळल्या की बॅंडवाले थांबले. फोटोचं कौतुक चाललंय असं वाटून लोरेन्झही हसला. गुड्रुनचं हसू मात्र मध्येच ओसरलं. तिने खिशातून पेन्सिल काढली आणि फोटोखालच्या पांढऱ्या पट्टीवर बाराही नावं लिहिली.

"अहो बाई, हे काय?" लोरेन्झ किंचाळला. "फोटोत कोणीच नाहीये!"

"तेच तर," गुड्रुन म्हणाली. "कोण नाहीये, ते लोकांना कळायला नको?"