आई रडत नाही

लेओकादियाबाई शूटिंगला नवऱ्याला सोबत घेऊन यायच्या. दिग्दर्शक इन्याकीला ते मुळीच पसंत नव्हतं, पण बाईंशिवाय त्याचं भागणार नव्हतं. सिनेमा होता आम्ही सगळ्यांनी शाळेत घोकलेल्या एका जुन्या नाटकावरचा. त्यातली आई करायला त्याला दुसरी कोणी सापडली नव्हती. बाईंचा नवरा फेर्मीन एके काळी त्यांच्या नाटक कंपनीचा ट्रक चालवायचा. आता त्याला काही उमजत नसे. घरी त्याला कोणाच्या भरवशावर ठेवणार? मी कपडेपट सांभाळायची, म्हणून त्याला माझ्याच शेजारी बसवत.

त्या दिवशी सामोरा शहराजवळच्या एका गावात, भर ऑगस्टच्या उन्हात, शेवटचा प्रसंग चालला होता. भोसकून मारलेल्या मुलाचं प्रेत अंगणात आणतात आणि आई त्याला आंघोळ घालते. सकाळपासून तेच चाललं होतं.

"बाई, अजून एकदा. डोळ्यांत पाणी हवंय," इन्याकी म्हणाला.

"कुठून आणू रे? होतं नव्हतं ते सगळं याच्या अंगावर ओतलं."

प्रेत झालेला ब्राउलिओ डोळे मिटूनच म्हणाला, "मला शिंका येतायत. असाच खरोखरचा मरेन मी."

जेवताना बाईंनी सूपात नुसताच पाव बुडवून ठेवला. "कासिल्दा," मला म्हणाल्या, "हा रात्रभर उठून ट्रकची किल्ली शोधतो. मीही उठते, शोधल्यासारखं करते. रडायला उसंत कुठाय मला?"

दुपारी पुन्हा सुरू झालं. बाईंनी फडकं पिळलं, मुलाच्या छातीवरून फिरवलं. माझं लक्ष तिकडे, तेवढ्यात फेर्मीन उठला आणि सरळ अंगणाच्या मधोमध जाऊन उभा राहिला.

"ऊठ रे गधड्या!" तो ब्राउलिओवर खेकसला. "एवढा घोडा झालास आणि आईकडून आंघोळ करून घेतोस? दिसत नाही, ती दमलीय?"

ब्राउलिओ दचकून उठून बसला. "चुकलं, काका," म्हणाला.

सगळे हसले. बाईही हसल्या, आणि हसता हसता खाली जमिनीवर बसून ओक्साबोक्शी रडायला लागल्या.

"कॅमेरा फिरव," इन्याकी दबक्या आवाजात म्हणाला. "लवकर!"

मी हातातली काळी शाल पसरून कॅमेऱ्यासमोर उभी राहिले. तो माझ्यावर ओरडला, वाट्टेल ते बोलला. मी हलले नाही.

बाईंनी झग्यालाच तोंड पुसलं. "इन्याकी, मिळालंय तेवढ्यात भागव," त्या म्हणाल्या. "मी आता कोणाला आंघोळ घालणार नाही." फेर्मीनचा हात धरून त्या गाडीकडे गेल्या.

इन्याकीने पुढे मला काम दिलं नाही. सिनेमा हिवाळ्यात लागला. तोवर फेर्मीनला वृद्धाश्रमात ठेवावं लागलं होतं. बाई आणि मी दुपारच्या खेळाला गेलो. थिएटरात तुरळक माणसं होती. पडद्यावरची आई कोरड्या डोळ्यांनी मुलाला धूत राहिली, अगदी सावकाश.

"किती दमलीय गं ही," बाई म्हणाल्या, जणू शेजारच्या कोणाबद्दल बोलत असाव्यात.

दिवे लागायच्या आतच त्यांनी कोट चढवला. फेर्मीन हल्ली त्यांच्याच हातून जेवत होता, आणि वृद्धाश्रमाकडची बस तासातून एकच होती.